आतला माणूस काय म्हणाला

शुक्रवार, ३ एप्रिल १९९८, करामा

आज शाळेतल्या जुन्या पुस्तकांच्या विक्रीत हात घातला आणि हाताला आमचे सुपरिंटेंडंट लागले! अनुपमा आमच्या शुभ्रासाठी अ‍ॅटलास शोधत होती. मी सवयीने कथा-कादंबऱ्यांच्या खोक्याशी उकिडवा बसलो. एक पिवळी पडलेली कादंबरी उलटी करून पाहिली, तर मागच्या फोटोत टोपी घातलेला एक तरुण. नाक मोडलेलं, डावीकडे कललेलं. ते नाक मी रोज सकाळी यार्डात बघतो. खाली नाव: रोनाल्ड थर्लबी. म्हणजे आमचे मिस्टर रॉन.

मागे लिहिलं होतं की लेखक जहाजाच्या कारखान्यात बॉयलरचं काम करणारा कामगार आहे, बापही तिथलाच, पंधराव्या वर्षी शाळा सुटली, आधी एक कवितासंग्रह येऊन गाजला, ही पहिली कादंबरी. दोन दिरहमला घेतली, म्हणजे बावीस रुपये. अनुपमा म्हणाली, "बावीस रुपयांत साहेब? स्वस्त पडला."

मी इथे आखातात आलो तेव्हा वाटलं होतं, दोन-तीन वर्षं राहू, मग पुण्याला परत जाऊन निवांत कविता लिहू. आता अकरावं वर्ष. शारजाच्या औद्योगिक क्षेत्रातल्या यार्डात तेलाच्या टाक्या बनतात आणि मी त्यांची कागदपत्रं सांभाळतो. आणि त्याच यार्डात, पत्र्याच्या केबिनमध्ये, एक खराखुरा छापलेला कवी बसतो. छान वाटलं. थोडं वाईटही वाटलं, का ते कळलं नाही.

मंगळवार, ७ एप्रिल

पुस्तक त्यांच्या टेबलावर ठेवलं. त्यांनी ते उघडलंच नाही. मागचा फोटो बघून म्हणाले, "याला मी ओळखायचो." त्यांचं इंग्रजी अर्धं गिळलेलं असतं, मलाही सवय व्हायला वर्ष गेलं.

कादंबरीचं नाव 'द होल्डर-अप'. विचारलं तर हाताने करून दाखवलं. पूर्वी पत्रे जोडायला तापवलेले लोखंडी खिळे, रिव्हेट, मारत. मारणारा बाहेरून हातोडा घालायचा आणि एक माणूस बॉयलरच्या आत अंधारात बसून दुसऱ्या बाजूने जड ठोकळा दाबून धरायचा. तो होल्डर-अप. मिस्टर रॉन सात-आठ वर्षं आत होते. म्हणून उजव्या कानाने ऐकू येत नाही.

मी म्हटलं, सर, मला हे मराठीत आणायचं आहे. ते म्हणाले, "कशाला? तुमच्याकडे बॉयलर नव्हते का?" पण मग म्हणाले, कर.

शनिवार, १८ एप्रिल

अनुवादाला प्रारंभ. पहिल्याच वाक्यात अडलो. कादंबरीचा पहिला शब्द शिवी आहे. साधीसुधी नाही, बॉयलरच्या आतून दिलेली, ओळभर लांब. आपल्याकडे साहित्यात आता बरंच काही चालतं, पण इथल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात मला हे वाचायचं आहे. वैभवीताईंना, म्हणजे आमच्या सांस्कृतिक सचिवांना, मी शब्द देऊन बसलोय. पुढच्या रांगेत सगळ्यांच्या सासवा असतात.

तासभर विचार करून लिहिलं: "अरे देवा, काय हा जीवघेणा आवाज!" भाव तोच, शिवाय वाचकाला धक्का नाही. नावही सुचलं, 'अंतरीचे घाव'. अनुपमाला वाचून दाखवलं. म्हणाली, "अरे, हा कामगार कुठल्या शाळेत मास्तर होता?" तिला गंमत करायची सवयच आहे.

सोमवार, ११ मे

फुजैराच्या बंदरासाठी मोठी टाकी चालू आहे. आतून रंग मारून झाला आणि मग कुणाच्या तरी लक्षात आलं की आतले काही ब्रॅकेट चुकीच्या जागी जोडलेत. म्हणजे रंगवलेल्या टाकीत पुन्हा वेल्डिंग. रंगाचा, थिनरचा वास आणि वरून हे ऊन.

सकाळी आतून गणू ओरडला. गणू आमचा वेल्डर, गुहागरकडचा. अत्यंत तोंडाळ माणूस, पाणी मागितलं तरी दोन शिव्या घालून मागणार. मिस्टर रॉन बाहेर उभे होते. विचारलं, काय म्हणतोय? फोरमन खैरुद्दीनने आपल्या इंग्रजीत सांगितलं, "बॉस, ही गिव्ह गाली. बिग गाली. मदर, फादर, ऑल फॅमिली." मिस्टर रॉननी तिथल्या तिथे शिट्टी मारून काम थांबवलं, सगळ्यांना बाहेर काढलं आणि मॅनहोलला, म्हणजे टाकीत उतरायच्या भोकाला, हवेचा ब्लोअर लावायला लावला. एका शिवीवर अर्धा दिवस गेला!

वर खैरुद्दीनच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "आखातातला सगळ्यात चांगला दुभाषा." मला हसूच आलं. ज्याला धड वाक्य बांधता येत नाही तो दुभाषा. मी तिथेच उभा होतो, मला विचारलं असतं तर नीट सांगितलं असतं.

गुरुवार, १४ मे

जेवणाच्या सुट्टीत आपल्या मराठी पोरांना कादंबरीची गोष्ट सांगतो. सात-आठजण डबे घेऊन सावलीत येतात. आज सांगितलं की आपले मिस्टर रॉन असेच टाकीच्या आत बसायचे. गणू जेवायचा थांबला. "म्हंजे गोरा आत बसायचा? आणि काळा भायेर?" मी म्हटलं, तिकडे सगळे गोरेच. त्याला ते पटेना. मग केबिनकडे बघत म्हणाला, "तरीच. भायेरच्याला म्हाईत नसतं आतलं. ह्याला म्हाईत हाय."

शुक्रवार, २९ मे

मिस्टर रॉनच्या घरी चहाला गेलो. कंपनीचा व्हिला, चार खोल्या, राहणारा एकटा माणूस. बायको वारली, मुलगा ऑस्ट्रेलियात. भिंती कोऱ्या. पुस्तकाचं कपाट नाही.

खूप बोलले. पहिली कादंबरी आली तेव्हा लंडनच्या लोकांनी डोक्यावर घेतलं. जेवायला बोलवत आणि ताटाकडे नाही, ह्यांच्या हातांवरच्या भाजल्याच्या डागांकडे बघत. मग दुसरी कादंबरी. "तिच्यात प्रकाशकाने माझ्या माणसांची तोंडं धुतली," म्हणाले. "सभ्य केली. मी सही केली, पैसे हवे होते. पुस्तक मेलं." तिसरी कुणी घेतलीच नाही, कारण तोवर कामगारांची फॅशन गेली होती. मग कारखानाच बंद पडला. गावात दुसरं काही नव्हतं. मित्राने इकडे आणलं.

मी विचारलं, आता का लिहीत नाही? खिडकीबाहेर त्यांचा ड्रायव्हर अहमद गाडी पुसत होता. त्याच्याकडे बोट करून म्हणाले, "मला ड्रायव्हर आहे, चारू. मी कुणाविषयी लिहू?" मला नीटसं समजलं नाही. ड्रायव्हर असला तर उलट लिहायला वेळच मिळेल.

एक जुनी कविता पाठ म्हणून दाखवली. मी घरी येऊन लगेच तिचा अर्थ तेवढा उतरवला:

बाप कारखान्यातून घरी आला
की आम्ही ओरडून बोलायचो,
त्याला ऐकू यायचं नाही म्हणून.
त्याला पुरून आलो,
आणि चहा हवा का, हे आईने
ओरडूनच विचारलं.

बरी आहे. पण यमक नाही, लय नाही. मराठीत आणताना यमक घालावं लागेल.

रविवार, १४ जून

खैरुद्दीन मुलीच्या लग्नासाठी दोन महिन्यांच्या सुट्टीवर गेला. मिस्टर रॉन म्हणाले, तो येईपर्यंत माणसांचं बोलणं तू मला सांगत जा. अखेर! अनुपमाला सांगितलं. ती म्हणाली, "उन्हात उभं राहायचं काम मिळालं म्हणून एवढा आनंद?" शुभ्रा म्हणाली, "बाबा, यू विल मेल्ट."

मंगळवार, २३ जून

दुभाष्याचं काम वाटलं त्यापेक्षा बरं जमतंय. ह्या लोकांच्या बोलण्यात निम्मा राग आणि निम्मा कचरा असतो. तो गाळून, मुद्दा तेवढा इंग्रजीत ठेवायचा. तसंच उलटही. मिस्टर रॉन कुणाला गाढव म्हणाले तर मी सांगतो, साहेबांना काम अजून चांगलं हवंय. सगळे खूश. परवापासून यार्डात एकही भांडण नाही. मिस्टर रॉन मात्र म्हणाले, "फार शांत झालंय सगळं. मला शांत यार्ड आवडत नाही." त्यांचा स्वभावच तसा, कुरकुरा.

अनुवादाची सहा प्रकरणं झाली.

बुधवार, १ जुलै

आज एक कठीण प्रसंग उत्तम निभावला.

ब्लोअर फुजैराच्या साइटवर नेलाय, दुसरा बिघडलाय. टाकी रविवारी ट्रेलरवर चढायलाच हवी, वरून सारखे फोन. आतलं थोडं वेल्डिंग राहिलंय. गणू दुपारी मॅनहोलमधून बाहेर आला, डोळे लाल, आणि थेट मिस्टर रॉनसमोर जाऊन उभा राहिला. टाकीला, कंपनीला आणि साहेबांच्या तीर्थरूपांना उद्देशून बरंच काही बोलला. ते इथे लिहिण्यासारखं नाही. मथितार्थ एवढाच, की आत वास येतो आणि हवा कमी आहे.

मिस्टर रॉननी विचारलं, काय म्हणतोय? मी सांगितलं, "सर, आत हवेची व्यवस्था थोडी सुधारता आली तर बरं, अशी त्याची विनंती आहे."

"विनंती? गणूची?"

"हो सर."

"चालण्यासारखं आहे का, की थांबवू?"

आता थांबवायचं म्हणजे रविवार चुकणार, वरच्यांची बोलणी ह्यांनाच खावी लागणार. बिचारे निवृत्तीला आलेत. मी म्हटलं, "मॅनेजेबल, सर." ते मॅनहोलकडे दोन पावलं गेले. टाकीच्या पत्र्यावर हात ठेवून उभे राहिले. तेवढ्यात केबिनमधून फोनसाठी हाक आली आणि गेले. जाताना म्हणाले, "शनिवारी ब्लोअर येतोय. फार वाईट असेल तर तोवर बाहेर थांब म्हणावं."

मी गणूला सांगितलं, साहेबांनी मनावर घेतलंय, शनिवारी ब्लोअर येतोय, तोवर जरा सांभाळून घे.

गणूने घाम पुसला. "म्या बोललो ते सगळं सांगितलंत?"

"सगळं."

"सगळं आयकून पन सांभाळून घे म्हनला?"

"हो."

म्हणाला, "मग असंल बरं. तो सोता आत बसलेला मानूस हाय." आणि तोंडाला फडकं बांधून पुन्हा आत गेला.

कुणाचं मन दुखावलं नाही, काम थांबलं नाही. खैरुद्दीन असता तर आज यार्डात तमाशा झाला असता.

गुरुवार, २ जुलै

गणू गेला.

सकाळी दहाच्या सुमारास आतला वेल्डिंगचा उजेड दिसेनासा झाला. हाका मारल्या. मिस्टर रॉन धावत आले, मॅनहोलला तोंड लावून ओरडायला लागले. मला वाटलं नाव घेऊन हाक मारतायत. नीट ऐकलं तर म्हणत होते, "शिवी दे! गणू, शिवी दे मला!" अशा वेळी हे काय, मला कळेना. आतून काही आलं नाही.

मग कुणी अडवायच्या आत ते स्वतःच उतरले. साठी उलटलेला माणूस. दोघांनाही दोरीने ओढून काढावं लागलं. मिस्टर रॉन वाळूत बसून ओकत होते. गणू शेजारी पडला होता. तोंडाचं फडकं तसंच बांधलेलं.



सोमवार, ६ जुलै

गणूच्या गावात एका दुकानात फोन आहे. तिथे फोन केला. बायको मुक्ताबाई. कळलेलं होतं तिला, रडून झालं असावं. विचारलं, "शेवटी काय बोलले?" मी म्हटलं, शांतपणे गेला. तुमची आठवण काढत होता. फोन तसाच चालू राहिला, मग कुणीतरी ठेवला.

बरं केलं असं वाटतं. दुसरं काय सांगणार?

रविवार, १२ जुलै

गणूची शवपेटी आज मुंबईला गेली. खैरुद्दीन सुट्टी अर्धी टाकून परत आला. माझ्याशी बोलला नाही, वेल्डरांमध्ये जाऊन बसला. मग केबिनमध्ये गेला. नंतर मला बोलावणं आलं.

मिस्टर रॉन अजिबात ओरडले नाहीत. म्हणाले, "गणू त्या दिवशी काय बोलला, ते सांग. शब्द न् शब्द." मी म्हटलं, सर, ते सांगण्यासारखं नाही. खैरुद्दीन कोपऱ्यातून म्हणाला, "बोल दे भाई. अब तो बोल दे." मी मान खाली घालून अर्धवट सांगितलं.

मिस्टर रॉन म्हणाले, "माझ्या कारखान्यात आत बसलेला माणूस शिव्या द्यायला लागला की बाहेरचा हातोडा खाली ठेवायचा. न विचारता. आतून 'प्लीज' ऐकू आलं तर समजायचं, हा अजून थांबू शकतो. मी ह्यावर अख्खी कादंबरी लिहिली, आणि तू ती वाचलीस."

मला रडू आलं. म्हटलं, सर, मी तुमच्या भल्यासाठीच.

"ठाऊक आहे," म्हणाले. "आणि मी काय केलं? हात पत्र्यावर होता माझा. डोकं आत घातलं असतं तर एका श्वासात कळलं असतं. मी तुला विचारलं. बाहेरच्याने बाहेरच्याला विचारलं."

मी म्हटलं, तुमचा दोष नाही सर. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी बाहेर आलो.

शुक्रवार, १७ जुलै

मिस्टर रॉन अनुवाद ऐकायला स्वतः करामाला घरी आले. अनुपमाने पोहे केले होते, त्यांनी घेतले नाहीत. म्हणाले, पहिलं पान मराठीत वाच, मला समजणार नाही, नुसता आवाज ऐकायचाय.

वाचलं. डावा कान माझ्याकडे करून, डोळे मिटून ऐकलं. संपल्यावर म्हणाले, "पहिला शब्द कुठे गेला?" मी सांगितलं, आमच्याकडे घरात तसं... ते म्हणाले, "चर्चमध्ये कुणाचं तरी लग्न लागतंय असं वाटलं."

जाताना दारात थांबले. पुढच्या महिन्यात परत जातायत, गावी. कारखाना नाही, घर नाही, तरी गावी. म्हणाले, "मीही एकदा अशा धुतलेल्या पुस्तकावर सही केली होती. म्हणून सांगतो. फाडून टाक, नाहीतर पुन्हा पहिल्यापासून कर."

ते गेल्यावर मला राग आला. कितीतरी संध्याकाळी बसून लिहिलंय मी ते. अनुपमाला म्हटलं, माणूस दुःखात आहे म्हणून असं बोलला. ती पोह्यांच्या बशा उचलत होती. म्हणाली, "चारू, त्यांचं नीटच ऐकलंस ना? की तेही गाळून घेतलंस?"

शनिवार, ८ ऑगस्ट

मिस्टर रॉन गेले. अहमदने विमानतळावर सोडलं. निरोपसमारंभ नको म्हणाले होते. फुजैराहून टाकी व्यवस्थित बसल्याचा फॅक्स आला.

शुक्रवार, २८ ऑगस्ट

आज मंडळाच्या गणपतीत माझं वाचन होतं. सिल्कचा झब्बा घातला, 'अंतरीचे घाव'ची फाइल हातात घेतली. अनुपमा आणि शुभ्रा दारात चपला घालत होत्या. फोन वाजला.

मुक्ताबाई. दुकानातून बोलत होती, मागे माणसांचा आवाज येत होता. म्हणाली, "तुमी मला बोललात, ते शांत गेले, आटवन काडत होते. साहेब, दोन म्हैने झाले, माजं मन घेत नाय. सोळा वर्सं नांदले मी. त्यांनी अशी आटवन कदी काडली नाय. ते गेले ते कोन दुसरेच गेले असं वाटतंय. त्यांनी एक पन शिवी दिली नाय?"

मी म्हटलं, दिली.

"मग सांगा ना."

मी दाराकडे पाहिलं. शुभ्रा एका पायात चप्पल घालून माझ्याकडे बघत होती. मी मुक्ताबाईला सांगितलं. १ जुलैला ह्या वहीत जे लिहिलं नाही ते, जसं आठवलं तसं, आणि मला सगळं आठवत होतं.

"त्या गोऱ्या भडव्याला सांगा, तुज्या बापाला घाल ह्या टाकीत! आयला, आत कुत्रं पन जगायचं नाय. दोन मिन्टं डोस्कं घाल म्हनावं आत, मंग मला काम शिकीव. मी मरंन हितं, आयघाल्यांनो. आनि मी मेलो का मंग बस म्हनावं माज्यावर बुकं लिवत!"

मला वाटलं फोन कट झाला. शुभ्राने अनुपमाचा हात धरला होता. मग मुक्ताबाईचा श्वास ऐकू आला, आणि ती हसली की रडली ते मला सांगता यायचं नाही.

"हां," म्हणाली. "हेच ते."

मग म्हणाली, "परत एकदा सांगा."

मी फाइल खाली ठेवली आणि परत सांगितलं, ह्या वेळी त्याच्यासारखंच, ओरडून.